मस्टँग हाइट्समधली एकमेव घोडी

आमच्या वस्तीचं नाव बदललं त्याला अजून वर्ष व्हायचंय. आधी आम्ही सान लासारोमध्ये राहत होतो, आता मस्टँग हाइट्समध्ये राहतो. घर हललेलं नाही. मस्टँग म्हणजे रानघोडा आणि हाइट्स म्हणजे उंचवटा. रानघोडा इथे कुणी पाहिलेला नाही, आणि वस्तीतली सगळ्यात उंच जागा म्हणजे शाळेसमोरचा गतिरोधक.

सान फर्नांडो व्हॅलीत, म्हणजे आमच्या खोऱ्यात, ही जुनी रीत आहे. चार गल्ल्यांना वाटलं की आपण बाकीच्यांपेक्षा बऱ्या आहोत, की त्या सह्या गोळा करतात, नवं नाव घेतात आणि वेगळं बिऱ्हाड मांडतात. मग उरलेल्यांपैकी आणखी चार गल्ल्यांना तसंच वाटतं. असं करत करत जुन्या नावाच्या वाट्याला एक लाँड्री, एक टायरचं दुकान आणि आमच्यासारखी माणसं येतात. एकदा तर अख्ख्या व्हॅलीनेच टेकडीपलीकडच्या शहरापासून काडीमोड मागितला होता. मतदान झालं, हरलो. तेव्हापासून सगळे एकमेकांपासून काडीमोड घेतात.

या खेपेला मात्र आमची गल्ली नव्या नावाच्या आत होती. असायलाच हवी. त्या नावासाठी दारोदार जाऊन सह्या माझ्या आजोबांनीच गोळा केल्या होत्या. घोडीवर बसून.

आजोबांना आम्ही ताता म्हणतो. नाव क्रेसेन्सियो, वय ऐंशी, पाठ अजून ताठ. घोडीचं नाव गोलोन्द्रीना, म्हणजे पाकोळी. रंगाने तपकिरी, स्वभावाने माझ्या आईसारखी. ती नाचते. ताता शर्टाच्या खिशातल्या फोनवर बँडचं गाणं लावतात, तुताऱ्या सुरू झाल्या की ती मान वाकवून पाय उचलायला लागते, आणि रस्त्यावरची माणसं हातातलं काम सोडून बघत उभी राहतात. ती आमच्या परसात राहते. रोज सकाळी ताता तिला नदीच्या पात्रात फिरवायला नेतात. पात्र सिमेंटचं आहे आणि नदी फक्त नकाशात आहे, पण दोघांची तक्रार नसते.

एके दिवशी ग्लेंडा प्रुइट आमच्या फाटकात आल्या. त्या रहिवासी संघाच्या अध्यक्ष. आधी घरं विकायच्या, आता निवृत्त आहेत, म्हणजे फुकट विकतात. त्यांनी गोलोन्द्रीनाचं कपाळ खाजवलं आणि म्हणाल्या, "क्रिस, तुमची ही घोडी म्हणजे आपल्या वस्तीचा चेहरा आहे."

तातांना क्रिस म्हणणाऱ्या जगात त्या एकट्या. मी तातांकडे पाहत होते. ऐंशी वर्षांत या खोऱ्यात त्यांना कुणी चेहरा म्हटलं नव्हतं. हात म्हटलं होतं. लिंबाच्या बागेला हात हवेत, कारखान्याला हात हवेत, लॉन कापायला दोन हात हवेत. चेहरा पहिल्यांदाच.

त्याच संध्याकाळी त्यांनी घोडीची आयाळ विंचरली आणि बाहेर पडले. प्रुइटबाई स्वतः गेल्या होत्या तेव्हा लोकांनी दारं उघडली नव्हती. तातांसाठी उघडली. घोडी अंगणात नाचतेय म्हटल्यावर कोण उघडणार नाही? लोक बाहेर आले, मुलांना कडेवर घेऊन आले, फोटो काढले, आणि हातात पेन दिलं की हसत सही करत गेले. शेजारचे हाइगाझकाका आर्मेनियन, त्यांचा कुठल्याही सरकारवर विश्वास नाही, आपल्या बायकोच्या सरकारवरसुद्धा नाही. त्यांनीही केली.

"सही कशावर करतोय मी, क्रेसेन्सियो?" त्यांनी सही झाल्यावर विचारलं.

"घोडीवर," ताता म्हणाले.

मला तेव्हाच संशय यायला हवा होता, कारण या खोऱ्याचा इतिहास मला पाठ आहे. इथे चौथीत सगळ्या मुलांकडून साखरेच्या खड्यांचं मिशन, म्हणजे पाद्र्यांच्या जुन्या मठाची प्रतिकृती, करून घेतात. पाद्री आले, त्यांनी मिशन बांधलं, मूळचे लोक "तिथे येऊन राहिले", असं आमच्या बाईंनी शिकवलं. माझं मिशन मी खिडकीत ठेवलं होतं. त्यात मुंग्या येऊन राहिल्या. सकाळी मिशन नव्हतं आणि मुंग्या मेल्या होत्या. एवढा खरा इतिहास शाळेत त्यानंतर कुणी शिकवला नाही.

मग गव्हाचे मालक आले. मग दोनशे मैलांवरच्या दुसऱ्या एका खोऱ्याचं पाणी पळवून आणणारे आले. ते खोरं वाळलं, आमचं हिरवं झालं, आणि ज्यांनी पळवलं त्यांचे पुतळे झाले. मग लिंबं आणि संत्री. ती तोडायला माझे पणजोबा आले. मग बुलडोझर आला, त्याने झाडं तोडली आणि एका साच्यातली घरं ओळीने मांडली, विमानाच्या कारखान्यांतल्या लोकांसाठी. जिथे लिंबाची बाग तोडली तिथल्या रस्त्याला नाव दिलं लेमन ॲव्हेन्यू. अक्रोड तोडले तिथे वॉलनट स्ट्रीट. मूळच्या लोकांच्या एका गावाचं नाव ज्या रस्त्याला आहे तिथे आता गाड्या धुतात. रस्त्याचं नाव कुणालाच उच्चारता येत नाही, म्हणून सगळे त्याला "गाड्या धुतात तो रस्ता" म्हणतात.

थोडक्यात, या खोऱ्यात ज्याला हाकलायचं त्याची पाटी लावतात. आणि आमच्या पाटीवर घोडा येणार होता.

नाव मंजूर झालं. प्रुइटबाई केक घेऊन आल्या. म्हणाल्या, "क्रिस, उद्घाटनाला नगरसेवक येतायत, पेपरवाले येतायत. पाटीवरचं कापड काढलं की सगळे चालत तुमच्याकडे येणार. खरी घोडी, खरा तबेला! तुम्हाला चालेल ना?"

तातांना चालेल? आमच्याकडे पाहुणा येणार म्हटलं की आधी रंगाचा डबा आणतात. माझ्या पंधराव्या वाढदिवसाला तातांनी घर रंगवलं होतं, रस्त्याचा कठडाही रंगवला होता, आणि हाइगाझकाकांची आमच्या बाजूची भिंत त्यांना न विचारता रंगवली होती. आता तर नगरसेवक येणार होता. ते तबेल्यापाशी गेले, फळ्यांवर हात फिरवला आणि म्हणाले, "ही लाज कशी दाखवायची लोकांना?"

ती लाज त्यांनी आणि त्यांच्या वडिलांनी मिळून बांधली होती. तेव्हा ताता चौदा वर्षांचे होते. खोऱ्यात आमच्यासारख्या तपकिरी कातडीच्यांना घर विकायला कुणी तयार नसे, ही एक गल्ली सोडून. घर घेतलं आणि पहिली वस्तू बांधली ती तबेला. न्हाणीघर नंतर. फळ्या लिंबं भरायच्या पेट्यांच्या, पॅकिंग हाउसच्या मागे टाकून दिलेल्या. काही फळ्यांवर अजून पिवळं लिंबू आणि हसणाऱ्या गोऱ्या बाईचं चित्र होतं. साठ-पासष्ट वर्षं प्रत्येक घोडा त्या बाईच्या तोंडाला अंग घासत आला होता.

ताता आणि माझे दोन मामा कामाला लागले. जुना तबेला पाडला, त्याच जागी नवा उभा केला. पाइनच्या पिवळ्याधमक फळ्या, वर पत्रा, दाराला कडी, कडीला पॉलिश. घोडी पहिल्या दिवशी आत जाईना. तिला वाटलं हॉटेल आहे.

उद्घाटन झालं. पाटीशेजारचं कापड काढलं तर आत फायबरचा घोडा. पांढराशुभ्र, आयाळ शाम्पूच्या जाहिरातीतली, मागच्या पायांवर उभा. चेहरा गोलोन्द्रीनाचाच होता, फोटोवरून घेतलेला. बाकीचं सामान घोड्याचं. ताता बराच वेळ बघत राहिले आणि मला हळूच म्हणाले, "मारिक्रूस, घोडीला आपण काही सांगायचं नाही."

मग सगळी वरात आमच्या परसात आली. तातांनी मोठी शेगडी पेटवली, मांस भाजलं, आजीने टॉर्टिया लाटल्या, घोडी नाचली. नगरसेवकाने दोनदा वाढून घेतलं. प्रुइटबाई प्रत्येकाला सांगत होत्या, "वास घ्या, वास घ्या! कसला लाकडाचा वास आहे!" तो वास खरंच सुंदर होता. शेगडीत जुना तबेला जळत होता.

महिना उलटला असेल नसेल, सिटीचा तपासनीस आला. तरुण मुलगा, हातात मोजपट्टी, कपाळावर घाम. त्याने तबेल्यापासून शेजारच्या घराच्या भिंतीपर्यंत पट्टी लावली आणि उसासा सोडला.

"तक्रार आलीय," तो म्हणाला. "माश्या, वास, वगैरे. माश्यांचं मला काही नाही हो. पण हा तबेला घराच्या फार जवळ आहे. नव्या तबेल्याला एवढ्या जवळ परवानगी नाही."

"इथे तबेला माझ्या आईच्या जन्माच्या आधीपासून आहे," मी म्हटलं.

"मग प्रश्नच मिटला!" त्याचा चेहरा उजळला. "जुना तबेला असेल तर तो आहे तिथे राहू शकतो. कायमचा. नियम जुन्याला लागूच होत नाही. कुठाय जुना?"

मी तातांकडे पाहिलं. तातांनी शेगडीकडे पाहिलं.

"म्हणजे?" तपासनीस म्हणाला.

"नगरसेवकाने खाल्ला," मी म्हटलं. "दोनदा वाढून घेतला."

तो बिचारा हसला नाही. त्याने टोपी काढली. "आजोबा, एक फळी तरी ठेवायची होतीत. जुन्यात नव्या फळ्या मारल्या असत्यात तर ती दुरुस्ती झाली असती. सगळा पाडून बांधलात, हे बांधकाम झालं."

"पाहुणे येणार होते, बाळा," ताता म्हणाले.

"पण घर तर चांगलंच दिसतंय तुमचं, इतकं..."

"पाहुणे येणार होते," ताता पुन्हा म्हणाले, जणू तो बहिरा होता. तो बहिरा नव्हता. त्याच्या घरी पाहुणे आले की पिझ्झा मागवत असतील, एवढंच. जाताना तो सांगून गेला की महिनाअखेरीपर्यंत घोडी हलवा.

मी तडक प्रुइटबाईंच्या घरी गेले. दारावर नवी पाटी होती, घोड्याची. पायपुसण्यावर घोडा. बाईंच्या कानांत घोडे.

"तक्रार कुणी केली?" मी विचारलं.

"स्वीटी, संघाला करावीच लागली. नवी कुटुंबं आलीयत ना. फार मोठ्या हौसेने घरं घेतलीयत त्यांनी. नाव ऐकून आली आहेत. आणि मग परसात बसलं की..." त्यांनी नाकासमोर हात हलवला.

"मस्टँग हाइट्समध्ये त्यांना घोड्याचा वास येतो?"

"हो ना!" त्या म्हणाल्या. त्यांना मी त्यांच्या बाजूने बोलतेय असं वाटलं.

"मग त्यांची अपेक्षा काय होती?"

"घोड्याची कल्पना वेगळी आणि घोडा वेगळा, स्वीटी. आम्हाला क्रिसबद्दल फार फार आदर आहे. आमचा ठेवा आहेत ते."

ठेवा. ठेवा पुरलेला असतो. मी त्यांना तसं म्हणणार होते, पण माझा आवाज इतका चढला होता की त्यांच्या कुत्र्यानेच माझ्या वतीने भुंकायला सुरुवात केली.

घरी आले तर ताता घोडीवर खोगीर कसत होते.

"कुठे निघालात?"

"ज्यांनी सह्या केल्या त्यांच्याकडे. तेव्हा हो म्हणाले, आताही म्हणतील. घोडी राहू द्या, एवढंच म्हणायचंय त्यांना. सिटीवाले इतक्या माणसांचं ऐकतील."

"ताता, ती माणसं..."

"माझ्या घरी जेवून गेलेली माणसं आहेत ती, मारिक्रूस." तातांच्या हिशेबी ही वाक्याच्या शेवटाला लागलेली कडी होती. उघडत नाही.

मी सोबत गेले. पहिलं घर. ताता अंगणाच्या कडेला घोडीवर, मी दाराशी. बेल वाजवली. आजकाल त्या बेलांना डोळा असतो आणि तोंडही असतं. बेल म्हणाली, "आम्हाला काही विकत नकोय."

"आम्ही विकत नाही," मी बेलला म्हटलं. "आम्ही शेजारी आहोत."

"पत्रक दाराशी ठेवा."

"पत्रक नाहीये. घोडी आहे."

बेल थोडा वेळ विचारात पडली. मग म्हणाली, "घोडी दाराशी ठेवू नका."

तातांनी गाणं लावलं. गोलोन्द्रीनाने मान वाकवली आणि त्या रिकाम्या अंगणात, त्या बेलच्या डोळ्यासमोर नाचायला लागली. खिडकीचा पडदा हलला नाही. पुढच्या घरीही तेच. त्याच्या पुढच्या घरची बाई आपण ऑफिसात आहोत असं बेलमधून म्हणाली आणि तिच्या मागे तिच्याच घरातला टीव्ही ऐकू येत होता. एका घरच्या बेलने आम्हाला सांगितलं की आमचं चित्रीकरण चालू आहे. मी म्हटलं, करा. मग मी बेलला जे सांगितलं ते चित्रीकरणात असेलच, इथे लिहीत नाही. ताता म्हणाले, "हळू. शेजारी आहेत." घोडीच्या मानेवर फेस आला होता. गल्लीच्या टोकापर्यंत ती प्रत्येक दारापुढे नाचली. एवढ्या बंद दारांपुढे मी रविवारच्या धर्मप्रचारकांनाही नाचताना पाहिलेलं नाही.

एकच दार उघडलं, हाइगाझकाकांचं. त्यांना बेलच नाही, ते चोवीस तास व्हरांड्यात असतात.

"ये, क्रेसेन्सियो, ये. नाचव तिला, मी बघतो. अरे, तिला आधी पाणी तरी पाज, मग नाचव. माझ्या बायकोला बोलावू का? नको, ती सांगेल मलाच नाचायला."

तातांनी काय हवंय ते सांगितलं. हाइगाझकाकांनी पेनाशिवायच हवेत सही केली. "झालं. माझी एक. दुसरी कुणाची?"

तातांनी घोडीच्या मानेवरचा फेस पुसला.

"तुझी चूक काय झाली सांगू? तू चांगलं जेवू घातलंस. मी नेहमी वाईट जेवू घालतो. लोक लक्षात ठेवतात, घाबरतात, पुन्हा येत नाहीत. माझ्या घराला कुणी हात लावलाय का आजवर?"

"तुमची भिंत मी रंगवली," ताता म्हणाले.

"ती माझ्या बायकोने अजून माफ केलेली नाही. रंग काय होता तो, गुलाबी?"

दोघे हसले. मी नाही हसले. घोडी त्यांच्या बादलीतलं पाणी पीत होती आणि तिचे पुढचे पाय थरथरत होते.

शेवटची आशा होती संघाची बैठक. पिझ्झाच्या दुकानामागच्या हॉलमध्ये भरली होती. भिंतीवर नवं मानचिन्ह, खुर्च्यांवर आमच्या शेगडीवरचं जेवलेली तोंडं. ताता इस्त्रीचा शर्ट घालून पहिल्या रांगेत बसले. प्रुइटबाई उठल्या, चेहऱ्यावर वाढदिवस असल्यासारखा आनंद.

"आनंदाची बातमी! आम्ही सिटीशी बोललो. एक तोड निघालीय. संघाने ठराव करून घोडीला वस्तीचा वारसा-प्राणी म्हणून घोषित केलं, तर सूट मिळते. तबेला राहील, घोडी राहील!"

टाळ्या पडल्या. तातांनी डोळे मिटले. मी बघितलं, त्यांचे खांदे खाली आले, कितीतरी दिवसांनी. मीसुद्धा टाळ्या वाजवल्या. ते मला आठवलं की अजून माझे तळवे चावावेसे वाटतात.

"आता थोड्या बारीकसारीक गोष्टी," बाई म्हणाल्या. "दर शनिवारी सकाळी क्रिस आणि घोडी पाटीपाशी उभे राहतील. फोटोसाठी. क्रिस, मोठी हॅट आणि ती भरतकामाची जाकिटं असतात ना, ती. आम्ही देऊ. घोडीच्या मागे पिशवी बांधायची, म्हणजे... तुम्हाला कळतंय. नाच नको, विमा कंपनी नाही म्हणते. आणि आपला घोडा पांढरा आहे, ही जरा तपकिरी आहे, तर तिच्यावर पांढरी झूल टाकली तर छान एकसारखं दिसेल."

"मग फायबरच्या घोड्यालाच पिशवी बांधा!" मी उठून ओरडले. "तो वासही मारत नाही, नाचतही नाही. आणि माझ्या आजोबांचाही फायबरचा पुतळा करा एक. पण तो कदाचित तुम्हाला जास्त तपकिरी वाटेल."

मागे पिझ्झाचा ओव्हन बंद झाल्याची घंटी वाजली. एक गृहस्थ म्हणाले, "इथे कुणी रंगाबद्दल बोलत नाहीये." नुकताच घोडीच्या रंगाचा मुद्दा त्यांनीच टिपून घेतला होता.

तातांनी माझ्या मनगटाला धरून मला खाली बसवलं. मग स्वतः उठले. त्यांनी एकच प्रश्न विचारला.

"आणि बाकीचे दिवस?"

"बाकीचे दिवस काय, क्रिस?"

"शनिवार सोडून. बाकीचे दिवस तिने काय करायचं?"

प्रुइटबाईंनी इकडेतिकडे पाहिलं. "काहीच नाही! आराम. फक्त रस्त्यावर आणू नका. दिसू नये, एवढंच."

ताता उभेच होते. मग ते बोलायला लागले, अगदी सभ्यपणे, जसे ते चर्चमध्ये बोलतात.

"माझ्या वडिलांनाही असंच सांगितलं होतं. दिवसभर बागेत या, लिंबं तोडा, आणि अंधार पडायच्या आत रुळांपलीकडे जा, दिसू नका. ते गेले. रोज गेले. पण तेव्हा," त्यांनी डोक्यावरची साधी टोपी काढून हातात घेतली, "टोपी निदान स्वतःची होती. आभारी आहे, मॅडम. घोडी जाईल."

ते बाहेर पडले. दार त्यांनी आपटलं नाही. ते मी आपटलं.

रस्त्यावर आल्यावर मी भडकले ती तातांवरच. "जाईल म्हणजे? कोर्टात जाऊ. पेपरात देऊ. तिला मी माझ्या खोलीत ठेवते, खोलीला नियम नाहीत. तुम्ही का सोडताय? तुम्ही का नेहमी..."

"तिच्यावर झूल टाकणार होते," ताता म्हणाले. एवढंच. मला वाटलं त्यांना हॅटचा राग आला असेल. त्यांना हॅटचा आला नव्हता. हॅट त्यांनी घातली असती. घोडीला तपकिरी असल्याबद्दल झाकायला ते तयार नव्हते.

डोंगरापलीकडे वाळवंटात, पुढच्या खोऱ्यात, आजीच्या भावाची थोडी जमीन आहे. तिथे वारा असतो, धूळ असते आणि घोड्यांना कुणी मोजपट्टी लावत नाही. घोडी तिथे जायची ठरली. आणि आदल्या दिवशी पाहिलं तर ताता आपली उशी, रेडिओ आणि कॉफीची किटली खोक्यात भरत होते.

"तुम्ही कुठे?"

"ती एकटी नवीन जागी झोपत नाही."

"आणि आजी?"

"मी येणार नाही म्हटलंय मी त्याला," आजी आतून ओरडली. "त्या वाऱ्यात माझे केस राहणार नाहीत. त्याला जाऊ दे, त्याचं पहिलं लग्न तिच्याशीच झालंय."

म्हणजे ज्या घरासाठी पणजोबांनी एकेक पेटी भरली, ज्या एकमेव गल्लीत आम्हाला घर मिळालं, तिथून ताता चालले होते, आणि त्यांना कुणी जा म्हटलंही नव्हतं. सगळ्यांना त्यांच्याबद्दल फार आदर होता.

सकाळी मामाचा ट्रक आला, मागे घोड्याचा ट्रेलर जोडलेला. गोलोन्द्रीना दोनदा मागे सरली, मग तातांनी तिच्या कानात काहीतरी सांगितलं आणि ती चढली. तेवढ्यात फाटकातून प्रुइटबाई आल्या. त्यांच्यामागे संघाची आठ-दहा माणसं. हातात मोठा पांढरा खोका.

"क्रिस! असे न भेटता जाणार होता?"

खोक्यात केक होता. घोड्याच्या आकाराचा. आयाळ क्रीमची, डोळ्याच्या जागी बेदाणा.

मला वाटलं, आता तरी. आता तरी ताता तो केक घेऊन कुणाच्या तरी डोक्यावर ठेवतील. तातांनी आजीकडून सुरी मागितली. पाटावर केक ठेवला, खुर्च्या मांडल्या, प्रत्येकाला कापून दिला. प्रुइटबाईंना एक पाय. टिपणं काढणाऱ्या गृहस्थांना शेपूट. "बसा, बसा," म्हणाले. स्वतःही एक घास खाल्ला. त्यांच्या मिशीला पांढरं क्रीम लागलं होतं आणि ट्रेलरमध्ये घोडी टापा मारत होती.

"मारिक्रूस, पाहुण्यांना कॉफी टाक," ते म्हणाले, आणि ट्रकमध्ये चढून बसले. ट्रक वळला, ट्रेलर वळला, गोलोन्द्रीनाची पाठ तेवढी दिसली, मग तीही नाही.

पाहुणे बसले होते. त्यांना बरं वाटत होतं. ऊन छान पडलं होतं. प्रुइटबाई रिकाम्या तबेल्याकडे बघत म्हणाल्या, "हा मात्र पाडू नका हं, स्वीटी. किती सुंदर दिसतो. आम्ही याला वस्तीच्या पत्रकावर घेणार आहोत. आत दिवे लावले तर..."

आमच्या घरातून पाहुण्याला आजवर कुणी जा म्हटलेलं नाही. पणजोबांनी वसुलीला आलेल्या माणसाला जेवू घातलंय. आजीने चोराला पाणी दिलंय, तो चोर होता हे नंतर कळलं. मला हे सगळं माहीत होतं. मी प्रुइटबाईंच्या हातातली बशी काढून घेतली. त्यांचा काटा हवेतच राहिला.

"निघा," मी म्हटलं.

"कॉफी झाल्यावर..."

"कॉफी नाही. निघा. खुर्ची राहू दे, मी उचलते. तुमचा खोका न्या. शेपूटवाले, तुम्हीपण."

त्यांना कळेचना. आमच्याकडून त्यांनी हा शब्द कधी ऐकलाच नव्हता. मी खुर्च्या मिटत गेले, माणसं त्यांच्यावरून उठत गेली. एक बाई म्हणाली, "हे फार दुखावणारं आहे." मी म्हटलं, हो. आजी दारात उभी होती, तोंडावर हात ठेवून. तिने मला थांबवलं नाही. शेवटचा माणूस बाहेर पडल्यावर मी फाटक लावलं, आणि आतून साखळी घातली. आमच्या फाटकाला साखळी नव्हती. मी घोडीची घातली.

दुपारी फोन वाजला. ताता. मागे वारा इतका होता की ते समुद्रातून बोलत असावेत असं वाटत होतं.

"पोचलो. ती उतरली, पण खात नाहीये. बघू." मग म्हणाले, "पाहुणे गेले?"

"गेले."

"कॉफी दिलीस ना?"

"नाही दिली."

वारा. पुष्कळ वारा.

"न पिताच गेले?"

"मी हाकललं, ताता."

मी वाट पाहत होते की ते ओरडतील. मला त्यांनी ओरडायला हवं होतं, माझ्यावर तर माझ्यावर. पण त्यांनी फोन ठेवलाही नाही. तसेच उभे राहिले, मी इथे, ते तिथे, आणि मध्ये कुठेतरी घोडी पत्र्यावर लाथा मारत होती.